धडा तिथे व्हिडिओ

पौर्णिमेचा चंद्र आमच्या ॲनिमेशन फिल्ममध्ये बरोब्बर पृथ्वीच्या पाठीमागे गेला होता आणि तरीही लखलखत होता. मी धरून स्टुडिओतल्या नऊ-दहा जणांनी ती फिल्म किमान वीस वेळा पाहिली असेल. कुणालाच काही खटकलं नाही. खटकलं ते माण तालुक्यातल्या एका शाळेत, सहावीच्या वर्गात, लोकवर्गणीतून घेतलेल्या टीव्हीसमोर.

फिल्म तीन मिनिटांची, विषय चंद्राच्या कला, संहिता माझी. डावीकडे सूर्य, मध्ये पृथ्वी, तिच्याभोवती वीतभर अंतरावरून फिरणारा चंद्र, आणि हे सगळं समजावून सांगायला एक गुबगुबीत ससा. फिल्म संपली, टाळ्या झाल्या. मी विचारलं, "अष्टमीला चंद्र अर्धाच का दिसतो?" निम्म्याहून जास्त हात वर आले. पहिल्या रांगेतली मुलगी उभी राहिली. "पृथ्वीची सावली पडती त्याच्यावर."

"हे कुणी सांगितलं तुला?"

तिने टीव्हीकडे बोट केलं. "आत्ता दावलं की तुमीच."

मागून एक पोरगा शेजारच्याला म्हणाला, पण मला ऐकू येईल एवढ्यानं: "मग पुनवंला का न्हाई पडत सावली? तवा तर पार मागं गेलता."

त्याच्या प्रश्नाचं उत्तर मला माहीत होतं, फिल्मला माहीत नव्हतं. निवेदनात 'सावली' हा शब्द एकदाही आलेला नव्हता. चंद्राचा अर्धा भाग नेहमीच उजळलेला असतो, त्यातला आपल्याला किती दिसतो ते रोज बदलतं, असं सगळं शुद्ध आणि बिनचूक आम्ही सांगितलं होतं. पण कान एक सांगतो आणि डोळा दुसरं बघतो, तेव्हा पोरं डोळ्याचं ऐकतात. शिवाय सावलीची समजूत मुलं घरूनच घेऊन आली होती. ती बऱ्याच मोठ्या माणसांचीही असते, आज घरी जेवताना विचारून बघा. आमच्या चित्राने ती पुसली तर नाहीच, उलट तिच्यावर शिक्का मारून दिला. निघताना शिक्षक म्हणाले, "मॅडम, पोरांना ससा लई आवडला."

गेली बारा-तेरा वर्षं मी अशा फिल्मच्या संहिता लिहिते आहे. त्यातून माझं एक मत झालं आहे. मुलांसाठी मराठीत होणाऱ्या शैक्षणिक ॲनिमेशनचं घोडं तंत्रावर अडलेलं नाही. ब्लेंडरसारखं सॉफ्टवेअर फुकट मिळतं, आणि २०२५ साली ऑस्कर मिळवणारा लाटव्हियाचा ॲनिमेशनपट त्याच्यावरच झाला. आपलं घोडं पैशावरही लोक म्हणतात तेवढं अडलेलं नाही, कारण पैसा खर्च होतोच आहे. आपण फिल्म करतो ती धडा भरून काढायला. आणि ज्या पोरासाठी करतो, त्याला ती रंग भरण्याआधी एकदाही दाखवत नाही.

'गाव तिथे एसटी' हे ब्रीद वाचत वाढलेल्या माणसाला 'धडा तिथे व्हिडिओ' यात काही वावगं वाटणार नाही. सगळ्या विषयांच्या सगळ्या धड्यांना व्हिडिओ असावेत, पुस्तकातला क्यूआर कोड पालकांच्या फोनवर स्कॅन केला की समोर यावेत, ही कल्पना ऐकायला लोकशाहीवादीच आहे. प्रत्यक्षात काय होतं ते सांगते. काम मिनिटांवर ठरतं. अमुक इयत्तेचे अमुक धडे, एकूण इतकी मिनिटं, मिनिटाला इतका दर. संहितालेखकाकडे पुस्तकाची पानं येतात आणि दिवसाला दोन धडे 'काढायचे' असतात. चित्रकाराकडे आधीच तयार असलेली पात्रं असतात: लाल टी-शर्टमधला मुलगा, दोन वेण्यांची मुलगी, चष्म्यातले आजोबा. इतिहास असो की अपूर्णांक, तीच तिघं. पार्श्वभूमी परदेशी साठ्यातून विकत घेतलेली, त्यामुळे आमच्या माणच्या शेतकऱ्याच्या घराला उतरतं लाल छप्पर, त्यावर धुराडं, आणि मागे देवदाराची रांग. दर मिनिटावर असल्यामुळे कुणालाही काही आटोपशीर सांगण्यात रस नसतो. म्हणून तर प्रत्येक फिल्म "चला तर मग मित्रांनो, आज आपण जाणून घेऊया" इथून सुरू होते. पंधरा सेकंद तिथेच निघतात.

या रेट्यात एक साधा प्रश्न कुणी विचारत नाही. हे चित्र काढून हलवायची गरज आहे का?

दादासाहेब फाळक्यांना हा प्रश्न पडलेला असावा. १९१२ साली इंग्लंडहून कॅमेरा घेऊन आल्यावर, 'राजा हरिश्चंद्र'च्या आधी, त्यांनी कुंडीत वाटाणा पेरला आणि त्याचा अंकुर रोज थोडाथोडा टिपत महिनाभराची वाढ पडद्यावर काही क्षणांत घडवून दाखवली. भांडवल देऊ शकणाऱ्या लोकांना त्यांनी हीच फिल्म दाखवली. म्हणजे आपल्याकडच्या चित्रपटधंद्याची पहिली भांडवल-उभारणी एका शैक्षणिक लघुपटावर झाली, हे मला फार आवडतं. वाटाणा उगवताना सगळ्यांच्या डोळ्यांसमोर असतो, पण तो उगवताना कुणालाही दिसत नाही. फ्रेमफ्रेमने काम करणाऱ्या कॅमेऱ्याने करायचं काम ते हेच. वेळ आवळणं, वेळ ताणणं, आत शिरणं, फार लांब जाणं. हृदयाच्या झडपा, जमिनीखालची पाण्याची पातळी, बेरजेत 'हातचा' कुठे जातो ते. याउलट मोर राष्ट्रीय पक्षी आहे हे सांगायला कार्टूनमधला मोर कशाला हवा? खरा मोर कॅमेऱ्यात पकडा, तो जास्त चांगला नाचतो.

याला आणखी एक बाजू आहे, विशेषतः वयात येणाऱ्या मुलामुलींसाठी. काही गोष्टी खऱ्या मुलाला कॅमेऱ्यासमोर उभं करून दाखवता येत नाहीत, दाखवूही नयेत. चाइल्डलाइनसाठी झालेला 'कोमल' हा छोटा ॲनिमेशनपट याचं चांगलं उदाहरण. ओळखीच्या माणसाकडून होणारा नको तो स्पर्श, त्याने गोंधळलेली मुलगी, मग ते घरी सांगणं, हे सगळं त्यात रेषांमधून येतं आणि कुठल्याही खऱ्या मुलीचा चेहरा त्या गोष्टीला कायमचा चिकटत नाही. पाळीबद्दल, शरीरातल्या बदलांबद्दल मुलगे आणि मुली एका वर्गात बसवून बोलायचं असेल, तर रेखाटलेलं शरीर खऱ्या फोटोपेक्षा सोपं जातं. वर्गात फिदीफिदी हसू उमटतं, पण दोन मिनिटांत विरतं. आठवी-नववीसाठी मराठीत असं काम फार थोडं झालं आहे. ससे मात्र उदंड.

बरं, हलतं म्हणजे कळतं, हीसुद्धा एक अंधश्रद्धाच. मानसशास्त्रज्ञ बार्बरा ट्वर्स्की आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २००२ साली तोवरचे प्रयोग एकत्र तपासून लिहिलं होतं की स्थिर चित्रांपेक्षा ॲनिमेशनने जास्त समजतं असं सरसकट दिसत नाही. कारण साधं आहे. पुस्तकातल्या चित्रावर बोट ठेवून थांबता येतं, मागे जाता येतं. पडद्यावरचं निघून जातं. आणि त्यात कोपऱ्यात ससा उड्या मारत असेल, तर निघून जाणाऱ्या त्या चार सेकंदांतले दोन ससा खातो.

आमच्या चंद्राकडे परत येते, कारण माझं सगळं शिक्षण तिथेच झालं. पृथ्वी फुटबॉलएवढी धरली, तर चंद्र साधारण टेनिसच्या चेंडूएवढा भरेल, थोडा लहानच. मग त्या दोघांत अंतर किती? मी हे शिक्षकांच्या शिबिरांत विचारते. लोक हातभर दाखवतात, फार तर दोन हात. खरं उत्तर साडेसहा मीटर आहे, वर्गाच्या या भिंतीपासून त्या भिंतीपर्यंत. त्यात चंद्राची कक्षा पाच अंशांनी कललेली, त्यामुळे पृथ्वीची सावली बहुतेक पौर्णिमांना त्याच्या वरून किंवा खालून निघून जाते, आणि कधीतरी गाठ पडली की ग्रहण. माणच्या पोराचा प्रश्न इथे सुटतो. पण टीव्हीच्या पडद्यावर हे अंतर प्रमाणात काढायला गेलं तर पृथ्वी हरभऱ्याएवढी होते. पाठ्यपुस्तकात तीच अडचण, म्हणून तिथेही चंद्र वीतभरावर आणून ठेवतात, आणि आम्ही ते चित्र उचलून हलवलं.

ॲनिमेशनला मात्र यातून वाट काढता येते. कॅमेरा पृथ्वीपासून निघू दे आणि चंद्राकडे जाऊ दे, मध्ये आठ-दहा सेकंद काळ्याभोर पोकळीतून, जिथे काही म्हणजे काही नाही. मी हे स्टुडिओत सुचवलं. उत्तर आलं, "दहा सेकंद काळा पडदा? नेट गेलं समजून लोक बंद करतील." खरी गोष्ट शिकवणारी ती दहा सेकंदं नेमकी काटछाटीत गेली, आणि सशाच्या उड्या राहिल्या.

मुलाच्या डोक्यात आधीच काय बसलेलं आहे, यापासून फिल्म सुरू व्हायला हवी. ही काही माझी हौस म्हणून सांगत नाही. डेरेक मुलर यांनी सिडनी विद्यापीठात २००८ साली पूर्ण केलेल्या पीएचडीत भौतिकशास्त्राच्या विद्यार्थ्यांना वेगवेगळ्या तऱ्हेचे व्हिडिओ दाखवले. एका प्रकारात सगळं स्वच्छ, नीटनेटकं स्पष्टीकरण. दुसऱ्यात दोघांचं बोलणं, ज्यात एक जण विद्यार्थ्यांच्या नेहमीच्या चुकीच्या समजुती मोठ्याने मांडतो आणि मग त्या उलगडत जातात. स्वच्छ व्हिडिओ पाहणाऱ्यांनी तो सोपा, स्पष्ट असल्याचं सांगितलं, पण त्यांचे गुण जवळपास जिथल्या तिथे राहिले. दुसऱ्या गटाला व्हिडिओ गोंधळात टाकणारा वाटला आणि ते जास्त शिकले. पुढे याच मुलर यांनी यूट्यूबवर जगभर पाहिलं जाणारं विज्ञानाचं चॅनल उभं केलं. आपल्याकडे मात्र "एकदम क्लिअर आहे हं" ही ग्राहकाची पसंतीची मोहोर असते. क्लिअर म्हणजे मुलाला आधीपासून जे वाटत होतं त्याला कुठे धक्का लागला नाही, असाही अर्थ होऊ शकतो.

मुलाच्या डोक्यात काय आहे ते कळायचं तर मुलासमोर बसावं लागतं. यात नवीन काहीच नाही. अमेरिकेत १९६९ साली 'सेसमी स्ट्रीट' सुरू झालं, त्याच्या आधीपासून एड पामर नावाचे संशोधक मुलांना कार्यक्रमाचे नमुने दाखवत होते. टीव्हीच्या शेजारी दुसरा एक पडदा, त्यावर दर साडेसात सेकंदांनी बदलणारी स्लाइड. मूल टीव्ही सोडून स्लाइडकडे कधी वळलं त्याची नोंद व्हायची. जिथे नजर वळली, तो तुकडा दुरुस्तीला. एवढी साधी युक्ती, पण लेखकाचा अहंकार तिच्यापुढे टिकत नाही. माझा सुद्धा टिकला नाही. मीही मग एका शाळेत फोनवर मुलांचे चेहरे टिपले, तर मला सर्वांत अभिमान असलेल्या वाक्याला अर्धा वर्ग खिडकीतून कुत्रं बघत होता.

आपल्याजवळचं उदाहरण युनिसेफच्या 'मीना'चं. नव्वदच्या दशकात बांगलादेश, भारत, नेपाळ, पाकिस्तान या चार देशांत एकच मुलगी चालायला हवी होती. तिचं रूप राम मोहन यांनी घडवलं, जे १९५६ साली मुंबईच्या फिल्म्स डिव्हिजनच्या नव्या कार्टून विभागात दाखल झाले होते. चित्रं आणि गोष्टी आधी गावागावांत नेऊन दाखवल्या, लोकांना विचारलं, मग पुढे काम झालं. पहिल्या गोष्टीत मीनाला शाळेत जायचंय आणि घरचे फक्त भावाला पाठवतात. मग तिचा पोपट मिठू वर्गाच्या खिडकीशी बसून धडे ऐकून येतो आणि तिला शिकवतो. तेवढ्या मोजणीच्या जोरावर ती कोंबडी चोरीला गेल्याचं ओळखते. इथे प्राणी आहे, पण त्याला काम आहे. गोष्टीतून मिठू काढला तर मीना शिकणारच नाही. आमचा ससा काढला असता तर फिल्म पंचेचाळीस सेकंदांनी छोटी झाली असती, एवढंच.

यावर निर्माते म्हणतात, बाई, प्रत्येक फिल्म शाळेत नेत बसलो तर परवडेल का? इथे हिशेब उलटा आहे. पडद्यावर सेकंदाला चोवीस फ्रेम जातात. एक चित्र दोन फ्रेम वापरायचं ठरवलं तरी सेकंदाला बारा चित्रं, पाच मिनिटांना तीन हजार सहाशे. आज संगणकावर हाताने सगळी काढावी लागत नाहीत हे खरं, पण रंगवून, आवाजाला ओठ जुळवून, संगीत घालून झालेल्या फिल्ममध्ये चंद्र हलवायचा म्हणजे सगळंच हलवायचं. म्हणून तर ॲनिमॅटिक असतं. पेन्सिलची कच्ची चित्रं एकामागे एक लावायची, त्यावर आपल्याच आवाजात निवेदन घालायचं, झाली फिल्म. रंग नाही, संगीत नाही, पण गोष्ट आहे. हे पोरांना दाखवायला एक दुपार लागते आणि चूक सापडली तर पाच-सहा चित्रं नव्याने काढावी लागतात. आमच्याकडे ॲनिमॅटिक होतं. ते पाहिलं कोणी, तर ग्राहकाच्या प्रतिनिधीने, आणि त्याने सुचवलं की लोगो थोडा मोठा घ्या.

खासगी कंपन्यांकडून मला फार अपेक्षा नाही. त्यांना पुढच्या वर्षी पुढची आवृत्ती विकायची असते. पन्नास वर्षं टिकेल असं काही करण्यात त्यांचा फायदा कुठला? हे काम सार्वजनिक पैशाचं आहे आणि ते आपण एकेकाळी केलेलं आहे. 'एक अनेक और एकता' १९७४ चा, फिल्म्स डिव्हिजनचा. विजया मुळे यांची कल्पना, भीमसेन यांचं ॲनिमेशन, वसंत देसाईंचं संगीत. सात मिनिटांच्या आसपास लांबी आणि एक शब्द शिकवायचा: अनेक. सुरुवात कशी होते आठवतंय? धाकट्या भावाला 'अनेक' म्हणजे काय ते माहीत नाही आणि तो बहिणीला विचारतो. ती त्याला तारे, खारी, फुलपाखरं, पाखरं दाखवते, आणि तिथून जाळं घेऊन उडणाऱ्या पाखरांच्या जुन्या गोष्टीपर्यंत जाते. न कळण्यापासून फिल्म सुरू होते, म्हणूनच आज पन्नाशीतली माणसंही ती गुणगुणतात.

पुण्यात १९८४ साली बालचित्रवाणी सुरू झाली. माझ्या पिढीने दूरदर्शनवर तिचे कार्यक्रम पाहिले. सगळेच चांगले नव्हते, काही तर चक्क फळ्यासमोर उभं राहून दिलेली व्याख्यानं होती. पण मराठी मुलांसाठी, मराठीत, पगारी माणसांनी बसून कार्यक्रम करायची ती एक जागा होती. २०१७ मध्ये ती बंद झाली. फिल्म्स डिव्हिजन आणि बालचित्र समिती २०२२ साली राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाल्या. संस्था म्हाताऱ्या होतात हे मला मान्य आहे, त्यांच्यात ढिलाई येते हेही. पण त्यांच्या जागी आपण कंत्राट आणलं, आणि कंत्राटाला काही आठवत नाही. मागच्या फिल्ममध्ये मुलं कुठे अडखळली, हे पुढच्या कंत्राटदाराला कोण सांगणार?

भाषेबद्दल बोलायला बसले तर वेगळा लेख होईल, तरी थोडं बोलतेच. मराठी म्हणून जे येतं त्यातलं बरंचसं हिंदीवरून ओतलेलं असतं. चित्रातले ओठ हिंदी वाक्याएवढे हलतात, मग मराठी वाक्य तेवढंच कापायचं किंवा ताणायचं. एका डब केलेल्या फिल्ममध्ये मी ऐकलं, 'झाडे आपले भोजन स्वतः बनवतात.' आपल्याकडे भोजन म्हटलं की पंगत, चौरंग, उदबत्ती. झाडं अन्न तयार करतात, भोजन नाही. दुसरीत तर पाणी 'उबळू' लागलं होतं. उबळ खोकल्याची येते हो, पाणी उकळतं. हसून सोडून देण्यासारखं वाटेल, पण ज्या वयात मूल शब्द गोळा करत असतं त्या वयात हे कानावरून रोज जातं. आणि प्रमाण मराठी तरी सगळ्यांची कुठे आहे? मेळघाटातल्या पोराची कोरकू, नंदुरबारकडच्याची भिली किंवा पावरी. त्यांच्यासाठी उपाय अगदी स्वस्त आहे. फिल्म देताना संगीत आणि इतर आवाज वेगळे, निवेदन वेगळं असं द्या, मूळ फाइलींसकट. शिक्षिका स्वतःच्या आवाजात, स्वतःच्या बोलीत निवेदन घालू शकेल. पुण्यात आयुका या खगोलशास्त्राच्या संस्थेच्या आवारात अरविंद गुप्ता आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी टाकाऊतल्या खेळण्यांच्या लहान लहान फिल्म अशाच अनेक भाषांत बोलून घेतल्या आणि सगळ्यांना फुकट ठेवल्या. त्या ॲनिमेशन नाहीत, पण मुलांनी त्या पाहून स्ट्रॉची पिपाणी करून वाजवली, आणि शैक्षणिक फिल्मकडून मला आणखी काही नको असतं.

भाषेइतकीच जागाही महत्त्वाची. जलचक्राच्या फिल्ममध्ये कायम बर्फाच्छादित डोंगर असतो. माणमधल्या मुलांचा पावसाबद्दलचा प्रश्न अगदी वेगळा आहे. जून-जुलैत त्यांच्या डोक्यावरून ढग पळत जातात आणि पडत नाहीत. महाबळेश्वरला वर्षाला सहा हजार मिलिमीटरच्या आसपास पाऊस, आणि तिथून शंभरेक किलोमीटरवर माणमधल्या दहिवडीला पाचशेच्या आतबाहेर. तेच वारे, तेच ढग, घाट चढताना थंड होऊन रिकामे झालेले. सह्याद्रीचा उभा छेद, त्यावरून जाणारा ढग, आणि पलीकडे आभाळाकडे बघत बसलेली पोरं. ही फिल्म अजून कुणी केल्याचं माझ्या पाहण्यात नाही, कारण तसं प्रकरण पुस्तकात अर्ध्या पानाचं आहे आणि अर्ध्या पानाला मिनिटं कमी मिळतात.

हल्ली विचारतात, आता एआय आहे ना, तासाभरात करून देतं, मग एवढी रड कशाला? देतं खरं. मी त्याला चंद्राच्या कला काढायला सांगितल्या होत्या. सूर्य डावीकडे, पृथ्वी मध्ये, चंद्र वीतभरावर. आमचीच चूक, पण जास्त देखणी. ज्या चित्रांवर ते शिकलं ती आपणच काढून ठेवली आहेत. धड्याला व्हिडिओ पुरवायचे असतील तर ते आता जवळजवळ फुकटात मिळतील, म्हणजे तो धंदा तसाही संपत आला. माणच्या वर्गात त्या मुलीसमोर उभं राहून "हे कुणी सांगितलं तुला?" विचारायचं काम तेवढं उरतं.

त्या शाळेत मी पुन्हा गेले, सात-आठ महिन्यांनी, एका चित्रकार मित्राला घेऊन. आमच्याकडे फिल्म नव्हती, पेन्सिलचं ॲनिमॅटिक होतं. या वेळी गोष्ट संकष्टीपासून सुरू केली. आजीचा उपास आहे, मोदक झाकून ठेवलेत, चंद्र उगवायचाय आणि नातवाला भूक लागली आहे. पौर्णिमेला तर दिवस मावळताच चंद्र वर होता, मग चार दिवसांत त्याला एवढा उशीर का व्हायला लागला? रोज पन्नासेक मिनिटं तो मागे पडतो म्हणजे नेमका कुठे असतो? आणि दिनदर्शिकेत चंद्रोदयाची नागपूरची वेळ मुंबईच्या वीस-पंचवीस मिनिटं आधीची का छापतात? मुलांना हे सगळं घरातून माहीत होतं. प्रश्न कुणी विचारला नव्हता इतकंच. मध्ये ती काळी दहा सेकंदंही ठेवली. कुणी उठलं नाही. एक जण हळूच म्हणाला, "लई लांब हाय की."

मग ॲनिमॅटिक मध्येच थांबवलं. दिवस मुद्दाम वद्य अष्टमीचा निवडला होता आणि शाळा सकाळची. आठ वाजता पश्चिमेकडे अर्धा चंद्र, पाठीमागे पूर्वेला ऊन. पटांगणात प्रत्येकाने प्लॅस्टिकचा पांढरा चेंडू हात लांब करून चंद्राच्या शेजारी धरायचा, एक डोळा मिटायचा. चेंडूचाही बरोबर तेवढाच अर्धा भाग उजळलेला दिसतो, चंद्राच्या ज्या बाजूला उजेड त्याच बाजूला. मागच्या खेपेची ती मुलगी बराच वेळ तशीच उभी होती. चेंडू फिरवून पाहिला, पुन्हा धरला. मग म्हणाली, "सावली बाहेरनं आलेलीच न्हाई. ह्याचीच उन्हाकडं न गेलेली बाजू हाय ती."

ते ॲनिमॅटिक अजून माझ्या लॅपटॉपवर तसंच आहे, रंग न भरलेलं. दोन ठिकाणी दाखवलं, दोन्हीकडे आवडलं, आणि दोन्हीकडे विचारलं गेलं की ही कुठल्या इयत्तेच्या कुठल्या धड्यात बसते. संकष्टी सहावीच्या विज्ञानात येत नाही. गेल्या महिन्यात अशाच कामाची एक निविदा कुणीतरी वाचायला दिली. एकूण मिनिटं आहेत, रिझोल्यूशन आहे, पात्रांची किमान संख्या आहे, प्रत्येक फिल्मच्या आधी आणि नंतर बोधचिन्ह किती सेकंद दिसावं हेही आहे. छत्तीस पानं मी दोनदा चाळली. मुलांना दाखवण्याबद्दल त्यात एकच वाक्य सापडलं, उद्घाटनाच्या कार्यक्रमाच्या कलमात: संबंधित शाळेतील विद्यार्थी उपस्थित ठेवावेत.